उजव्या हाताची दांडी

प्रमिलाला सापगावात कुणी वायरमन म्हणत नाही. वाडीवरची लाइटवाली म्हणतात. वय चाळिशीचं, अंगानं बारकी, साडीवर नवऱ्याचा जुना फुल शर्ट आणि शर्टाच्या खिशात टेस्टर. आईबाप दिवाळीनंतर वीटभट्टीवर जायचे तेव्हा तिला आश्रमशाळेत ठेवून जायचे, म्हणून ती दहावी झाली. शहापूरच्या आयटीआयत शिवणकामाच्या जागा भरल्या होत्या, म्हणून वायरमनच्या वर्गात बसली. वर्गात ती एकटीच मुलगी. पहिला महिनाभर तिला कुणी शिडी धरायलासुद्धा सांगितलं नाही.

पुढं वाडीवर घरोघरी मीटर आले तेव्हा आतली बटणं तिनंच बसवली. वाशिंदच्या नव्या बिल्डिंगांत ठेकेदाराच्या हाताखाली तीन वर्षं काढली. पण गावातल्या मोठ्या घरांतून तिला बोलावणं क्वचितच यायचं, आणि आलं तरी पंख्यासाठी नाही तर मिक्सरसाठी. अख्ख्या घराची लाइट कल्याणचा माणूस येऊन करायचा. त्यामुळं श्रावणातल्या एका रविवारी अंबूबाईच्या सुनेचा, कुणालीचा, फोन आला तेव्हा प्रमिलानं हातातली भाकरी तशीच ठेवली आणि पिशवी उचलली. हे काम नीट झालं तर गावातली आणखी चार दारं उघडणार होती.

अंबूबाईचं घर नवं. मे महिन्यात वास्तुशांत झालेली. टाइल अजून चकचकीत होत्या आणि सोफ्यावरचं प्लॅस्टिकही काढलेलं नव्हतं.

"बाथरूममधलं काहीतरी सारखं ट्रिप होतंय बघ," कुणाली म्हणाली. "परवापासून वैताग आणलाय."

बाथरूम लांबट होतं. दाराजवळ बेसिन, मग बोटभर उंच पट्टी, आणि पट्टीपलीकडे आंघोळीची जागा. तिथं नळाखाली बादली, बादलीपुढं बुटकं स्टूल. स्टुलाच्या उजव्या हाताला भिंतीवर एक स्टीलची शिडी बसवलेली होती. पाच आडव्या दांड्या, खाली लहानसा लाल दिवा.

प्रमिलानं अशी वस्तू वाशिंदच्या एका फ्लॅटमध्ये पाहिली होती. टॉवेल गरम करायची दांडी. विजेवर तापते, टॉवेल वाळवते.

"ह्यांनी मागवून दिली," कुणाली म्हणाली. ह्यांनी म्हणजे स्वरूपनं, तिच्या नवऱ्यानं. तो वाशिंदच्या कारखान्यात होता, आणि त्या आठवड्यात कामासाठी पुण्याला गेला होता. "चार महिने इथं टॉवेल वाळत नाय. माझ्या माहेरी, वैशाखरे गावात, चुलीवर बांबू टांगलेला असायचा. कपड्यांना धुराचा वास मारायचा, पण कोरडे असायचे. इथं चूल काढली, शेगडी आली, आणि सगळं घर कुबट. आईंच्या पायाच्या बोटांत, काखेत चट्टे उठलेत. डॉक्टर म्हणतो, अंग कोरडं ठेवा. मी कशानं ठेवू? तोंडानं फुंकू?"

प्रमिला हसली. मग दांडीकडं पाहत म्हणाली, "जागा कुणी ठरवली?"

"मी." कुणालीच्या आवाजात थोडा मान होता. "कल्याणचा माणूस इथं दाराजवळ लावत होता. मीच म्हटलं, आईंच्या उजव्या हाताला लाव. मागच्या मोरीत त्यांच्या उजव्या हाताला खुंट आहे. चाळीस वर्षं तो धरून उठतात. तिकडं शेवाळ धरलं, आषाढात पडल्या, कंबर धरली. म्हणून आता त्यांना इथं आणायचं. म्हटलं टॉवेलही वाळेल आणि त्यांना धरायलाही होईल."

 प्रमिलानं पायातली रबरी चप्पल नीट केली.

"वहिनी, ट्रिप कधी होतं?"

"कधीपण. टॉवेल काढायला गेलं की."

"म्हणजे दांडीला हात लागला की?"

"हां. जरा मुंग्या आल्यासारखं होतं आणि बाहेर खट् वाजतं."

"तेव्हा तुमच्या पायात काय असतं?"

"स्लीपर. तीपण ओलीच असते."

"आणि आजींच्या?"

"आंघोळीला कोण स्लीपर घालून बसतं गो?"

बाहेरच्या बोर्डावरचा स्विच खाली करून प्रमिलानं दांडीच्या मागचं झाकण उघडलं. आत पाण्याचे थेंब होते. हिरवी वायर, म्हणजे बिघडलेली वीज जमिनीत नेऊन सोडायची ती, भिंतीतल्या नळाच्या पाइपाला गुंडाळून टाकलेली होती. पूर्वी पाइप लोखंडी असायचे तेव्हा ते कसंबसं चालून जायचं. हा पाइप प्लॅस्टिकचा होता. हिरवी वायर कुठंच जात नव्हती.

म्हणजे वीज दांडीत उतरत होती आणि जायला वाट शोधत होती. वाट होती ती फक्त दांडीला हात लावणाऱ्या माणसातून. बाहेरचा तो ट्रिप होणारा स्विच क्षणात वीज तोडत होता, म्हणून कुणालीला नुसत्या मुंग्या आल्या होत्या.

"स्विच बिघडलेला नाय, वहिनी. तो तुमाला वाचवतोय. दांडी इथून काढावी लागेल."

"काढून कुठं लावायची?"

"बेसिनकडं. पट्टीच्या अलीकडं, वर. दोन-तीन टाइल जातील. आणि घरामागं अर्थिंगचा खड्डा करावा लागेल."

"नव्या टाइल फोडायच्या?" कुणालीचा चेहरा बदलला. "ह्यांना काय सांगू? तू एवढं कर, ते ट्रिप होणं बंद कर. डायरेक्ट करून दे. आमच्या गावात सगळे करतात."

डायरेक्ट. हा शब्द प्रमिलानं शंभर वेळा ऐकला होता. मधला स्विच सोडायचा, वायर सरळ जोडायची. दहा मिनिटांचं काम. आणि एकदा, सात वर्षांपूर्वी, तिनं ते केलं होतं. वाशिंदच्या एका बिल्डिंगमध्ये काजल नावाची बाई होती, ऑर्डरच्या भाकऱ्या करून द्यायची. तिचा गिझर सारखा ट्रिप व्हायचा. ठेकेदार म्हणाला, करून टाक डायरेक्ट, सात ठिकाणी जायचंय. प्रमिलानं करून टाकलं. तिसऱ्या दिवशी काजलनं ओल्या हातानं नळ धरला. शेजारणीनं लाकडी पाटानं तिला नळापासून तोडलं म्हणून ती जगली. उजव्या हाताची दोन बोटं मात्र वाकडी झाली ती तशीच राहिली. भाकरी थापता येत नाही. काजलला वाटतं, गिझरच खराब निघाला. वाशिंदच्या बाजारात भेटली की ती अजून प्रमिलाला हाक मारते, पोरांची चौकशी करते, वाकड्या बोटांनीच पिशवीतून पेरू काढून देते. प्रमिला तो पेरू घेते.

हे तिनं कुणालाच सांगितलं नव्हतं. नवऱ्यालाही नाही. आता कुणालीसमोर ते ओठांपर्यंत आलं. पण मग सापगावात हेच पसरलं असतं: वाडीवरच्या लाइटवालीनं वाशिंदला एक बाई मारायलाच घेतली होती. तिनं ते गिळलं.

"नियमात नाय बसत, वहिनी," एवढंच ती म्हणाली.

"कसला नियम?" दारात प्रणय उभा होता, स्वरूपचा धाकटा भाऊ. शहापूरला मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात बसायचा. "परदेशात टबाच्या बाजूलाच लावतात. व्हिडिओ दाखवू?"

"तिथं टबातलं पाणी टबात राहतं, दादा. आपण तांब्या डोक्यावर ओततो."

"म्हणजे तुला जमत नाय, असं सांग ना."

प्रमिलानं त्याच्याकडं पाहिलं नाही. बाहेरच्या बोर्डावर तो स्विच खालीच ठेवून तिनं त्यावर लाल टेप लावली. "हा वर करू नका. आणि आजींना दोन दिवस मोरीतच जाऊ द्या."

"उद्या श्रावणी सोमवार," कुणाली म्हणाली. "मोरीत पुन्हा पडल्या तर तू उचलायला येशील का?"

प्रमिला पिशवी उचलून बाहेर आली. ओट्यावर अंबूबाई बसल्या होत्या, मांडीवर तांदळाचं सूप. ऐंशीला टेकलेल्या, पाठीत वाकलेल्या, पण हात अजून भरदार. त्यांनी डोळे बारीक करून पाहिलं.

"गंगीची पोर ना तू?"

"हो आजी."

"गंगी आवणीला, भात लावायला, यायची आमच्याकडं. तिच्या ओळीत एक रोप वाकडं नसायचं." आणि पुन्हा तांदूळ निवडायला लागल्या.

सोमवारी सकाळी आठ वाजता प्रमिला पुन्हा सापगावात होती. कुणी बोलावलं नव्हतं. विचारलं तर पक्कड विसरले म्हणून सांगायचं, असं तिनं ठरवलं होतं. पक्कड पिशवीतच होती.

आभाळ खाली आलं होतं, घरात सकाळीच दिवे लावलेले. कुणाली स्वयंपाकघरात उपासाचे बटाटे सोलत होती. प्रमिलानं आधी बोर्डाकडं पाहिलं. स्विच खाली. लाल टेप जशीच्या तशी. तिचा श्वास जरा मोकळा झाला.

"आजी कुठंयत?"

"आंघोळीला बसल्यात. नव्या बाथरूममध्ये." कुणाली जरा तोऱ्यात म्हणाली. "आणि हे बघ." तिनं खांद्यावरचा टॉवेल पुढं केला. "हात लाव. कसा झालाय?"

प्रमिलानं हात लावला. टॉवेल कोरडा होता. गरम होता.

"हा कशावर वाळवला?"

"दांडीवर. आत्ता काढून आणला."

"स्विच तर खाली आहे, वहिनी."

"त्याला तर कुणी हातच लावला नाय. प्रणयनं काल संध्याकाळी दुसरीकडून जोडून दिलं. आता ट्रिप नाय, मुंग्या नाय."

"मुंग्या कशा येतील, तुमी कोरडी स्लीपर घालून, कोरड्या हातानं..." प्रमिला थांबली. बाथरूमच्या बंद दारामागून पाण्याचा आवाज येत होता. तांब्या बादलीत बुडतोय, अंगावर रिकामा होतोय. मधूनच अंबूबाईंचं पुटपुटणं.

प्रणय अंगणात दात घासत होता. "कुठून जोडलं?" प्रमिलानं विचारलं.

"बाथरूमच्या बल्बच्या पॉइंटवरून. डायरेक्ट. काय झालं?"

"आजी आत आहेत."

प्रणयनं ब्रश तोंडातून काढला. "मग मेन बंद करतो." आणि तिनं काही बोलायच्या आत त्यानं मीटरशेजारचा मेन खाली ओढला. फ्रिजची घरघर थांबली. पंखा हळू झाला. आणि मग जिन्याखालून एक बारीक गुणगुण सुरू झाली.

दाराच्या फटीतून बाथरूममधला उजेड तसाच बाहेर पडत होता.

"इन्व्हर्टर," प्रणय म्हणाला, आणि त्याचा चेहरा पांढरा पडला. "दिवे इन्व्हर्टरवर आहेत."

कुणाली स्वयंपाकघराच्या दारात आली होती. तिनं दोघांकडं पाहिलं आणि तिला कुणी न सांगता कळलं. "आई!" ती दाराकडं धावली. प्रमिलानं तिचा दंड धरला.

"ओरडू नका. ओरडलात तर त्या घाईनं उठतील. उठल्या की दांडी धरतील. त्यांना बसवून ठेवा. बोलत राहा. कायपण बोला."

"काय बोलू?"

"सासू-सून काय बोलता ते बोला."

आतला तांब्याचा आवाज थांबला होता. आंघोळ संपत आली होती.

कुणालीनं दाराला कान लावला. तिचे ओठ कोरडे पडले होते, पण आवाज तिनं रोजचा काढला. "आई, पाठीला साबण लावला का?"

"लावला गो."

"नीट लावला का? चट्ट्यांवर?"

"तुझ्या लग्नाच्या आधीपासून मी स्वतःची आंघोळ करते. उठते आता."

"उठू नका!" आवाज चढला तसा कुणालीनं तो खाली ओढला. "म्हणजे, मला एक सांगा आधी. नैवेद्याला भगर किती घेऊ?"

"दोन वाट्या. हे आत्ता विचारायचं?"

प्रमिला जिन्याखाली पोचली होती. इन्व्हर्टर भाताच्या पोत्यांमागं ठेवलेला होता. वर जुनी सतरंजी, सतरंजीवर गणपतीची आरास भरलेली पेटी. प्रणय पोती ओढायला लागला. एक पोतं फाटलं, भात जमिनीवर पसरला. प्रमिलानं पेटी ढकलून दिली, स्वतः पोटावर आडवी झाली, हात आत घातला. समोरचं बटण भिंतीच्या बाजूला होतं. बोटं पोचत नव्हती.

"आई, दोन वाट्या पुरतील का? नेहाताई येणार आहेत ना."

"नेहा येणार? मला कुणी सांगितलं नाय."

"येणार म्हणाल्या होत्या. कुठल्या गाडीनं, ते विचारू का?"

"विचार ना मग. मी इथं गारठले. काय बाई आहे, नणंद येणार ते आंघोळीत सांगते." आत स्टूल घसरल्याचा आवाज झाला. अंबूबाई उठण्यासाठी पाय मागं घेत होत्या. कुणालीला तो आवाज ओळखीचा होता, मोरीतून तो रोज यायचा. पाय मागं, मग उजवा हात वर.

"आई, माझं चुकलं," ती म्हणाली. काय बोलतेय तिला कळत नव्हतं. "परवा तुमच्या माहेरच्या पितळी डब्याला पोचा आला ना, तो माझ्याच हातून आला. मांजरानं पाडला नाय."



"मला ठाऊक होतं," अंबूबाई म्हणाल्या. "मांजर झाकण लावून ठेवत नाय."

त्याच क्षणी जिन्याखाली खट् झालं. गुणगुण थांबली. दाराच्या फटीतला उजेड गेला.

"अगो, लाइट गेली," आतून आवाज आला, आणि पाठोपाठ स्टीलची दांडी भिंतीत करकरली. अंबूबाईंनी तिच्यावर सगळं वजन टाकलं होतं.

कुणाली दाराला चिकटून उभी राहिली. जिन्याखाली प्रमिला पोटावर तशीच पडून होती, हात बटणावर. 

"दांडी चांगली ऊबदार आहे गो," अंबूबाई अंधारात म्हणाल्या. "पण टॉवेल कुठं ठेवलास?"

टॉवेल कुणालीच्याच खांद्यावर होता. तिनं तो तोंडावर धरला आणि खाली बसली.

अंबूबाई बाहेर आल्या, कपडे बदलून देवापुढं बसल्या, तेव्हा प्रमिलानं कोरडी चप्पल घालून पुन्हा इन्व्हर्टर चालू केला आणि प्रणयला बाथरूमच्या दारात उभं केलं. टेस्टरचं टोक दांडीला लावलं. टेस्टरच्या पोटातला बारीक दिवा पेटला. तिनं टोक काढलं, पुन्हा लावलं. पुन्हा पेटला. प्रणय बघत राहिला. मग तिनं सगळं बंद केलं, त्यानं जोडलेली वायर सोडवली आणि वायरीच्या टोकाला टेप गुंडाळली.

तिघं ओट्यावर बसली. चहा झाला होता, पण कुणी पेल्याला हात लावला नव्हता.

"काल हे का नाय सांगितलंस?" प्रणय म्हणाला. त्याच्या बोलण्यात राग होता, आणि त्याखाली रडू. "नुसतं नियम, नियम. माणूस मरेल म्हणून सांगायचं ना. मला वाटलं, तुला काम वाढवायचंय."

प्रमिलानं पेला हातात घेतला. तो तापला होता, तरी धरून ठेवला.

"कारण ते सांगायचं तर माझं सांगावं लागलं असतं," ती म्हणाली. आणि तिनं काजलचं सांगितलं. गिझर, ठेकेदार, दहा मिनिटं, लाकडी पाट, दोन बोटं. पेरूसुद्धा. काही वगळलं नाही. सांगताना ती समोरच्या तुळशीकडं पाहत होती. बोलणं संपलं तरी तिकडंच पाहत राहिली.

आता ही दोघं काय म्हणतील ते म्हणतील, असं तिला वाटलं. संध्याकाळपर्यंत गावभर होईल. पुन्हा पंखे आणि मिक्सर, तेही मिळाले तर.

कुणालीनं विचारलं, "काजलला सांगितलंस का हे?"

"नाय."

कुणाली उठली. तिनं आतून हातोडी आणून प्रणयच्या पुढ्यात ठेवली. "टाइल फोड. कुठल्या, ते प्रमिला सांगेल. ह्यांना काय सांगायचं ते मी बघते."

पण प्रमिलानं लगेच टाइल दाखवल्या नाहीत. काजलनंतर तिनं स्वतःची एक रीत बसवली होती. जो माणूस तिथं आंघोळ करणार, त्याला कपड्यांनिशी स्टुलावर बसवायचं आणि आंघोळीचं सोंग करायला लावायचं.

"मी काय लग्नातली नवरी आहे का, बसवायला?" अंबूबाई म्हणाल्या, पण बसल्या. रिकामा तांब्या डोक्यावर ओतला, पाय घासले, पाठीला हात नेला. प्रमिला खडूनं भिंतीवर खुणा करत गेली. कोपर इथं लागतं. वाकल्यावर हात इथवर. उठताना उजवा हात इथं, दरवेळी इथंच, एक बोट इकडंतिकडं नाही.

"हे सोंग झालं. आता पाणी कुठवर उडतं ते बघायचं. वहिनी, गेरू आहे का घरात?"

तुळशीच्या कट्ट्यासाठी आणलेला गेरू होता. प्रमिलानं तो बादलीत कालवला. "प्रणयदादा, बसा स्टुलावर आणि घ्या आंघोळ. जशी रोज घेता तशी."

"ह्या पाण्यानं?"

"कपड्यांनिशी."

"बस रे," अंबूबाई म्हणाल्या. "मला मारायला निघाला होतास, आता लाल हो थोडा."

प्रणय बसला. पहिला तांब्या त्यानं जपून ओतला. "असा घेता रोज?" प्रमिला म्हणाली. दुसरा त्यानं खरा ओतला. पांढऱ्याशुभ्र टाइलांवर लाल शिंतोडे उडाले. कुणालीनं क्षणभर डोळे मिटून घेतले. आठ तांबे झाल्यावर सगळ्यांनी पाहिलं. दांडीच्या पाचही पायऱ्या लाल झाल्या होत्या, मागचं झाकणही. नळाची भिंत डोक्याच्या वरपर्यंत लाल. पण पट्टीच्या अलीकडं, बेसिनशेजारी, छातीच्या वर एकही ठिपका नव्हता.

प्रमिलानं तिथं बोट ठेवलं. "इथं. दार उघडलं तरी दांडीला लागणार नाय, बेसिनशी वाकल्यावर उघडं अंग टेकणार नाय, स्टुलावरून हात पोचणार नाय. हिचं बटण बाथरूमच्या बाहेर. आंघोळीच्या अर्धा तास आधी लावायचं, आत जाताना बंद करायचं. टॉवेल गरम राहतो तेवढा वेळ."

"आणि आईंच्या उजव्या हाताला?" कुणालीनं विचारलं.

"तिथं दांडी हवीच. पण गार. नुसत्या लोखंडाची, भिंतीत खोल रोवलेली. वायरीचा संबंध नाय."

काम दोन दिवस चाललं. घरामागचा खड्डा प्रणयनं एकट्यानं खणला, चिखलात गुडघ्यापर्यंत उतरून. त्यात पत्रा, कोळसा, मीठ, आणि वर आणलेली जाड तांब्याची तार. प्रत्येक थर प्रमिलानं स्वतः दाबला. हिरव्या वायरी सगळ्या घराच्या तिनं नव्यानं जोडल्या. दांडीची मागची बाजू उघडून सुकवली, पाणी शिरलेला जोड बदलला. शेवटी सगळं चालू करून तिनं टेस्टर लावला. दिवा पेटला नाही. ट्रिपचं बटण दाबून पाहिलं, स्विच खट्कन खाली आला. तिनं ते पाच वेळा केलं. मग चप्पल काढली, पाय ओले केले आणि ओल्या हातानं स्वतः दांडी धरली. कुणाली अगो अगो म्हणत पुढं आली तोवर तिनं धरून सोडलीही होती.

"आता आजी येऊ देत."

बुधवारी सकाळी अंबूबाई आत गेल्या. बाहेर ओट्यावर तिघंही बसली होती. तांब्या बुडत होता, रिकामा होत होता. मग थांबला. स्टूल घसरलं. पाय मागं. कुणालीनं प्रमिलाच्या शर्टाची बाही धरली.

"ही गार आहे गो," आतून आवाज आला. "पण हाताला बरोबर आली."

थोड्या वेळानं त्या बाहेर आल्या, गरम टॉवेल डोक्याला गुंडाळलेला, तोंड लालसर. प्रमिलासमोर थांबल्या. "गंगी एकदा आमच्या खाचरात अख्खी ओळ उपटून पुन्हा लावत होती," त्या म्हणाल्या. "मी म्हटलं, कशाला गो, एवढी काय वाकडी नाय. ऐकलं नाय तिनं." आणि देवघरात निघून गेल्या.

प्रमिलानं पिशवी भरली. पक्कड, खडू, टेप. कुणाली फाटकापर्यंत आली. तिनं कुणाला काही सांगितलं होतं की नाही, हे प्रमिलानं विचारलं नाही आणि कुणालीनंही ते काढलं नाही.

"उद्या शेजारच्या सावळीकाकूंचा गिझर बघशील का? तोपण ट्रिप होतो म्हणत होत्या. मी म्हटलं, स्विच बिघडलेला नसेल."

"बघते."

फाट्यावर वाडीकडं जाणारी जीप उभी होती, अर्धी भरलेली. वाडीवरची चिमी आतून म्हणाली, "ये गो, जागा आहे." प्रमिलानं नको म्हणून मान हलवली. रस्ता ओलांडून ती पलीकडच्या बाजूला जाऊन उभी राहिली. दहा मिनिटांनी तिकडची जीप आली.

"कुठं?" ड्रायव्हरनं विचारलं.

"वाशिंद," ती म्हणाली आणि पिशवी मांडीवर घेऊन बसली.